खारे पाणी, गोड साहित्य

संपादकांनी सालाबादप्रमाणे कथा मागितली, आणि मी हा लेख पाठवीत आहे. कथा लिहून तयार होती. ती फाडून टाकण्याइतका थोरपणा माझ्या अंगी नाही. कपाटात ठेवून दिली आहे. ती का ठेवली, एवढेच येथे सांगावयाचे आहे. सांगता सांगता माझ्याच बिरादरीवर मला तोंड टाकावे लागेल, त्याला इलाज नाही.

मी दहावीच्या पुढे शिकलेलो नाही. आमच्या घरात दहावीला अजून मॅट्रिकच म्हणतात, म्हणून मीही तसेच म्हणतो. नांदुऱ्याच्या एका खासगी शाळेत खालच्या वर्गांना शिकवितो आणि कादंबऱ्या लिहितो. नांदुरा म्हटले की बाहेरच्या माणसाला हमरस्त्यावरचा १०५ फुटी मारुती आठवतो. त्या रस्त्याने धावणाऱ्या गाड्या थांबतात, लोक मान वर करून दर्शन घेतात आणि मलकापूरकडे किंवा खामगावकडे निघून जातात. रस्ता सोडून उत्तरेला पूर्णेच्या काठी कोणी जात नाही. तेथे खारपाणपट्टा लागतो. बुलडाणा, अकोला आणि अमरावती या तीन जिल्ह्यांत मिळून सुमारे ९०० गावे या पट्ट्यात आहेत. विहीर खणली तर पाणी लागते, पण ते तोंडात धरवत नाही. याच पाण्यावर माणसे पिढ्यान् पिढ्या जगली, आणि याच गावांत किडनीच्या दुखण्याने माणसे जातात, हे आमच्याकडच्या पोरासोरालाही ठाऊक आहे.

तीन वर्षांपूर्वी माझ्या एका जुन्या विद्यार्थ्याचा बाप माझ्या दारात येऊन उभा राहिला. पूर्णेकाठचा शेतकरी, वय पन्नासच्या आसपास. काखेत प्लास्टिकची पिशवी, पिशवीत जाडजूड फाइल. बाहेरगावच्या एका रुग्णालयातून परस्पर माझ्याकडेच आला होता.

"गुरुजी, यात काय लिवलं हाये, थे जरा सांगा."

मी फाइल उघडली. इंग्रजी मला अडखळत वाचता येते. क्रिएटिनिन ६.८ असा आकडा होता आणि त्याच्याभोवती कोणीतरी निळ्या शाईने गोल केला होता. तो गोल म्हणजे काय? ६.८ म्हणजे फार की थोडे? मला सांगता येईना. "डॉक्टरांनी काय सांगितले?" म्हणून मी विचारले. "त्यायनं सांगितलं, किडन्या गेल्या. काहून गेल्या म्हणून इचारलं, तं म्हणे पुढचा पेशंट पाठवा."

याच्यावर संपले असते तर मी सरकारवर आणि डॉक्टरांवर दोन पाने झोडून मोकळा झालो असतो. आम्हां लेखकांना ते छान जमते. पण चहा पिता पिता तो म्हणाला, "गुरुजी, तुमचं पुस्तक वाचलं म्या. पोरानं आणलं होतं. त्यातला बुढा किडनीनंच मरते ना? तो मेला, थे समजलं. पन कायच्यानं मेला, थे नाई समजलं."

माझ्या एका कादंबरीत खारपाणपट्ट्यातला एक म्हातारा किडनीच्या विकाराने मरतो. ते प्रकरण मी मोठ्या हौसेने लिहिले होते. बाहेर पाऊस पडत आहे, कौलांवरून गोडे पाणी गळत आहे आणि आयुष्यभर खारे पाणी प्यालेला म्हातारा ते ओंजळीत धरू पाहत आहे, असा देखावा होता. एका समीक्षकांनी त्याला 'प्रतीकांची श्रीमंती' म्हटले. ते लिहीपर्यंत क्रिएटिनिन हा शब्द मी कधी ऐकला नव्हता. शहाण्या माणसाला ठाऊक असावयास हवे असे एकही वाक्य त्या प्रकरणात नाही. ज्याच्या आजारावर मी वाहवा मिळविली, तो माणूस माझ्याच ओसरीवर बसून मला विचारीत होता की तुमचा म्हातारा कशाने मेला. आणि मी त्याला आणखी चहा घेण्याचा आग्रह करीत होतो.

दुसऱ्या दिवशी मी गावातल्या एका वाचनालयात गेलो. 'आरोग्य' अशी चिठ्ठी लावलेले एक कपाट होते. त्यात मधुमेह मुळासकट घालविण्याचे पुस्तक होते, स्वमूत्राचे होते, कोरफडीचे होते, चुंबकाचे होते. एका पुस्तकात मुतखडा, किडनीचे दुखणे आणि नशीब या तिहींवर एकच काढा सांगितला होता. आमच्या तालुक्यातल्या पाण्याने माणसाचे काय होते, हे सांगणारे एकही पुस्तक नव्हते. शेजारच्या तीन भिंती कथा-कादंबऱ्यांनी भरल्या होत्या. त्यांत माझ्याही चार. ग्रंथपालांनी मोठ्या प्रेमाने त्या मला दाखविल्या.

आता मुद्द्यावर येतो. मराठी साहित्याने वैद्यक, लोकांचे आरोग्य, राजकारण आणि इतिहास या विषयांवरच्या पुस्तकांना पंगतीबाहेर बसविले आहे. त्यांना 'माहितीपर' असे एक गुळमुळीत नाव दिले आहे. माहिती म्हटले की कला नाही, आणि कला नाही म्हणजे पुरस्कार नाही, परीक्षण नाही, दिवाळी अंकात जागा नाही. या सोवळेपणाचे मोल आमच्याकडची माणसे आपल्या किडन्यांनी भरीत आहेत. हे वाक्य भडक आहे असे ज्यांना वाटेल, त्यांनी एकदा पूर्णेकाठी यावे आणि घरटी विचारावे.

हे सोवळे आले कोठून? मराठी गद्याच्या घराण्यात तर ते नव्हते. लोकहितवादींची शतपत्रे, जोतीरावांचा १८८३ सालचा 'शेतकऱ्याचा असूड', चिपळूणकरांची १८७४ साली सुरू झालेली निबंधमाला, राजवाड्यांनी १८९८ पासून काढलेली इतिहासाची साधने, यांतले काय कथा-कादंबरी आहे? गोडसे भटजींचा 'माझा प्रवास' वाचताना कोणाला तो माहितीपर वाटतो? साहित्य अकादमीने मराठी पुस्तकाला पहिला पुरस्कार दिला तो १९५५ साली, तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी यांच्या 'वैदिक संस्कृतीचा विकास' या ग्रंथाला. कादंबरी नव्हे, काव्यसंग्रह नव्हे. म्हणजे मुंज झाली तेव्हा हा मुलगा घरचाच होता. पुढे केव्हातरी त्याला ओसरीवर जेवावयास घालू लागले.

वैद्यकाचे तर आणखी नवल आहे. १८६० नंतरच्या दशकात मुंबईच्या ग्रँट मेडिकल कॉलेजात मराठीतून वैद्यक शिकविण्याचा वर्ग चालत होता. डॉ. सखाराम अर्जुन यांच्यासारखी माणसे तेथे शिकवीत आणि त्यासाठी मराठीत लिहीत. पुढे तो बंद पडला. ऑक्टोबर २०२२ मध्ये शेजारच्या मध्य प्रदेशात वैद्यकाची हिंदी पुस्तके समारंभाने प्रसिद्ध झाली, तेव्हा आमच्याकडेही मराठीचा गजर झाला. होऊ द्या. डॉक्टरांनी कोणत्या भाषेत शिकावे, हा वाद विद्वानांनी खुशाल घालावा. माझे मागणे त्याहून फार लहान आहे. डॉक्टर इंग्रजीत शिकला तरी चालेल. रोग्याला त्याचा रोग मराठीत वाचता आला पाहिजे.

यावर नेहमीचे उत्तर येते, की तुम्ही डॉक्टर नाही, तुम्ही कशाला यात पडता? र. धों. कर्वे डॉक्टर होते काय? ते गणिताचे प्राध्यापक. १९२१ साली त्यांनी संततिनियमनाचे केंद्र काढले, नोकरी गमावली, १९२७ साली 'समाजस्वास्थ्य' मासिक सुरू केले आणि १९५३ साली मरेपर्यंत चालविले. ज्या विषयाचे नाव घेतले तर सभ्य माणसे खिडक्या लावून घेत, त्यावर ते महिन्याच्या महिन्याला स्वच्छ मराठीत लिहीत राहिले. अश्लीलतेचे खटले झाले. १९३४ सालच्या खटल्यात त्यांच्या बाजूने डॉ. आंबेडकर उभे राहिले आणि तरीही दंड झालाच. त्या काळातल्या किती साहित्यिकांनी कर्व्यांना लेखक म्हटले? आज त्यांच्यावर चित्रपट निघतो, नाटक होते, आम्ही डोळे पुसतो. माणूस मेला की तो आम्हांला साहित्याचा विषय म्हणून चालतो. जिवंतपणी त्याचे लिहिणे आम्हांला साहित्य म्हणून चालत नाही.

दुसरे उत्तर असे, की मराठीत अशी पुस्तके आहेत आणि खपतातही. आहेत. डॉ. अभय बंग यांचा 'माझा साक्षात्कारी हृदयरोग' घराघरांत आहे. डॉ. हिम्मतराव बावस्कर यांचे 'बॅरिस्टरचं कार्टं' मी स्वतः दोन रात्रींत वाचले. पण आम्ही त्यांतले काय उचलले? एकाचा साक्षात्कार आणि दुसऱ्याची गरिबी. चरित्रापुरते आम्ही लेखकाच्या मागे जातो. तो आपल्या कामाबद्दल बोलू लागला की पाने चाळतो. त्याच बंगांच्या 'सर्च' संस्थेने आणि तिच्या सोबतच्या संस्थांनी २००१ साली 'कोवळी पानगळ' हा अहवाल काढला. सरकारदप्तरी न मोजल्या गेलेल्या बालमृत्यूंचा तो हिशेब होता. सरकारला समिती नेमावी लागली. नाव तर एखाद्या कवितासंग्रहाला शोभावे असे. साहित्य म्हणून त्याचे परीक्षण माझ्या तरी वाचनात आले नाही. बावस्करांनी कोकणात विंचूदंशाने मरणारी माणसे वाचविली. त्याचे शास्त्र १९८२ पासून लंडनच्या 'लॅन्सेट'मध्ये येत गेले. गडचिरोलीच्या तान्ह्या मुलांचे शास्त्र १९९९ साली तेथेच आले. शास्त्र तेथे जावयासच हवे, नाहीतर जग ते मानीत नाही. पण तेथून ते परत महाडच्या आणि धानोऱ्याच्या माणसापर्यंत त्याच्या भाषेत आणून पोहोचविणे हे कोणाचे काम? डॉक्टरांनीच तेही करावे काय? मग लेखणीवाले आम्ही कशाला आहोत, पावसाची वर्णने करावयाला?

डिसेंबर २०२४ च्या शेवटी आमच्या शेजारच्या शेगाव तालुक्यात माणसांचे केस गळू लागले. बोंडगाव, कालवड, हिंगणा अशा गावांत बायाबापड्यांच्या, पोरांच्या डोक्यावरून तीन-चार दिवसांत केसांचे पुंजके हातात येऊ लागले. देशभरची वर्तमानपत्रे धावली. कोणी शाम्पू म्हणाले, कोणी पाण्यातले नायट्रेट म्हणाले, कोणी बुरशी म्हणाले. जोडीला करणी आणि कोप हे आमचे सनातन शास्त्रज्ञ होतेच. दिल्ली-चेन्नईहून पथके आली. फेब्रुवारी २०२५ मध्ये बावस्करांनी, सत्तरी उलटलेल्या माणसाने, आपल्या तपासण्या पुढे ठेवून रेशनच्या गव्हातल्या सेलेनियमकडे बोट दाखविले. त्यावर वादही झाला. तो शास्त्रज्ञांनी निवडावा. मला वेगळेच सांगावयाचे आहे. चीनच्या हुबेई प्रांतात एन्शी भागात १९६१ ते १९६४ या काळात अशीच माणसांची नखे आणि केस गळून पडले होते. दुष्काळाने भात बुडाला, लोक तेथल्या जमिनीतला मका अधिक खाऊ लागले आणि त्या मक्यात सेलेनियम होते. १९८३ साली हे सगळे इंग्रजीत छापून आले. पंजाबच्या काही पट्ट्यांत जमिनीत सेलेनियम फार आहे, हेही जुनेच ज्ञान. बोंडगावच्या शाळामास्तराच्या टेबलावर हे सांगणारे एक साठ पानी मराठी पुस्तक असते तर केस गळावयाचे थांबले नसते. पण ज्या मुलींनी महिनाभर पदराने डोके झाकून शाळा चुकविली, त्यांना आपल्याला शाप लागलेला नाही एवढे तर समजले असते. त्या दिवाळीत मराठी अंकांनी काय छापले? बारा राशींचे भविष्य छापले. त्याला सोळा पाने मिळतात. त्याला कोणी माहितीपर म्हणत नाही.

इतिहासाचीही हीच गत आहे. मी चौथीच्या मुलांना मिठाचा सत्याग्रह शिकवितो. दांडी येते, समुद्र येतो. वऱ्हाडातला मिठाचा सत्याग्रह १९३० साली अकोला जिल्ह्यातल्या दहीहांड्याला झाला. समुद्रापासून शेकडो मैल दूर! एका मुलाने एकदा हात वर करून विचारले, "सर, तिथं मीठ कुठून आलं?" मी उत्तर दिले, "विहिरीतून." आणि पुढचा धडा घेतला. रात्री झोप येईना. जमिनीत इतका खार की त्या विहिरींच्या पाण्यापासून मीठ काढून साम्राज्याचा कायदा मोडता आला. तेच पाणी त्या सत्याग्रहींच्या बायका घरी रांजणात भरीत होत्या, आणि तोच पट्टा पुढे माझ्या दारापर्यंत ती निळ्या गोलाची फाइल घेऊन आला. इतिहासकाराने सत्याग्रह लिहिला, भूगर्भवाल्याने क्षार मोजले, डॉक्टराने क्रिएटिनिन मोजले आणि कादंबरीकाराने पाऊस पाडला. चौघांची कधी गाठ पडली नाही. ती गाठ एका पुस्तकातच पडू शकते, आणि ते पुस्तक आम्हांला लिहिण्याजोगे वाटले नाही.

२०२० च्या मार्चमध्ये करोनासाठी १८९७ चा साथरोग कायदा लागू झाला. रँडचा वध आमच्या मुलांना पाठ आहे. ज्या प्लेगामुळे तो कायदा आला त्याबद्दल, त्यात रोग्यांची सेवा करता करता सावित्रीबाई गेल्या एवढे सोडून, काही ठाऊक नाही. १९१८ च्या इन्फ्लुएंझाने सगळ्यांत जास्त झोडपलेल्या प्रांतांत मध्यप्रांत-वऱ्हाड होता, हे आमच्या वऱ्हाडातल्या किती शिक्षकांना माहीत आहे? मला नव्हते. दाराशी तापमापक घेऊन फिरलो, घराघरांतल्या माणसांची नोंद केली, आणि शंभर वर्षांपूर्वी याच गल्ल्यांतून काय गेले होते याचा मला पत्ता नव्हता. मोबाइलवर आलेला काढा मात्र मला पाठ होता.

राजकारणाचे उदाहरण दूर जाऊन शोधावयास नको. आमच्याच तालुक्यात जिगावला पूर्णेवर प्रकल्प आहे. मूळ अंदाज ४०० कोटींच्या आतला. तो हजारो कोटींवर गेला आणि पाव शतक उलटले तरी काम अपुरेच होते. गावे उठली, उठणार होती, उठता उठता थांबली. या पाण्याने खारपाणपट्ट्याला गोडे पाणी मिळावयाचे आहे. याच्यावर बातम्या ढिगाने आहेत, भाषणे आहेत, चौकश्या आहेत. धरणाची पहिल्या दगडापासूनची कथा, कागद तपासून, उठलेल्या माणसांशी बोलून कोणी पुस्तकात लिहिली आहे काय? एखादा धरणग्रस्त नायक घेऊन कादंबरी मात्र मीच योजली होती. तीच ती कपाटातल्या कथेची थोरली बहीण.

मला कोणी म्हणेल, मास्तर, तुम्ही साहित्याला सरकारी पत्रक करावयास निघालात. मुळीच नाही. पत्रके मी घरोघर वाटली आहेत, ती कोणी वाचीत नाही हे मला इतरांहून जास्त माहीत आहे. ती वाचीत नाहीत, कारण लिहिणाऱ्याला लिहिता येत नाही. रेचेल कार्सन या बाईंनी कीटकनाशकांवर 'सायलेंट स्प्रिंग' लिहिले, ते १९६२ साली आधी 'न्यूयॉर्कर' या साहित्याला वाहिलेल्या साप्ताहिकातून क्रमशः आले. वाचकांनी ते भाषेसाठीही वाचले आणि पुढे अमेरिकेत डीडीटीवर बंदी आली. आमच्या कापसाच्या वावरांवर किती जातींची औषधे फवारली जातात ते पाहा, आणि त्यावर आमच्या एखाद्या उत्तम शैलीकाराने एक तरी प्रकरण लिहिले आहे काय ते सांगा. ज्यांना सुंदर लिहिता येते त्यांनी या विषयांना शिवावयाचे नाही आणि ज्यांना विषय कळतो त्यांना लिहावयास कोणी शिकवावयाचे नाही, अशी ही वाटणी आहे.

वाचकाने आता या अंकाची अनुक्रमणिका उघडून पाहावी. संपादकांनी हे वाक्य ठेवले तर त्यांचे मी आभार मानीन.

त्या माणसाचे काय झाले? खामगावच्या एका ओळखीच्या डॉक्टरांकडे मी ती फाइल घेऊन गेलो. त्यांनी रविवारची दुपार मला दिली. साधारण एकच्या आसपास असावे ते क्रिएटिनिन ६.८ झाले होते. निम्म्याच्या आसपास काम बंद पडेपर्यंत किडनी तक्रार करीत नाही. ना दुखते, ना खुपते. लघवीतले प्रथिन वेळेवर तपासले असते, रक्तदाब मोजला असता, तर वर्षे मिळाली असती, आणि ही तपासणी फार महाग नाही. डॉक्टरांनी विचारले, "अंगदुखीच्या गोळ्या घेतो का?" मी त्याला विचारले. तो हसला. वावरातून आले की दुकानातून एक लाल गोळी घ्यावयाची, हे त्याचे वीस वर्षांचे व्रत होते. पाणी, गोळी, फवारणी, उन्हातले काम, साखर, रक्तदाब, यांतले नेमके कोण किती दोषी, याचा निकाल अशा सगळ्याच पट्ट्यांत, आंध्रातल्या उद्दानममध्ये आणि श्रीलंकेतही, लागावयाचा आहे. पण गोळी तरी त्याला थांबविता आली असती. कोणी सांगितले नाही. मी तर त्याच्या गावावर कादंबरी लिहिली होती.

आता तो आठवड्यातून दोनदा पहाटेच्या गाडीने डायलिसिसला जातो. चार तास यंत्राला, बाकीचा वेळ प्रवासाला. जनआरोग्य योजनेमुळे खर्चाचा मोठा भाग निघतो; गाडीभाडे आणि बुडालेली मजुरी निघत नाही. मी त्या खामगावच्या डॉक्टरांना धरून एक पुस्तक लिहावयास घेतले आहे. एक वाक्य लिहावयाचे, त्यांना दाखवावयाचे, ते खोडतात. मग ते त्यांच्या भाषेत सांगतात आणि मी खोडतो. कादंबरीची शंभर पाने मी उन्हाळ्याच्या सुटीत उरकतो. याची अकरा पाने व्हावयाला सात महिने लागले. प्रकाशकांना विचारले तर ते म्हणाले, "मास्तर, मध्ये एखादी प्रेमकथा घालता येईल का?"

मागच्या सोमवारी स्टेशनवर तो भेटला. पायांवर सूज होती, चप्पल हातात घेतली होती.

"गुरुजी, पुस्तकाचं कुठवर आलं?"

अकराव्या पानावर आहे, म्हणालो.

"मंग जरा लवकर लिवा," तो म्हणाला. "धाकल्या पोरालेबी अंगदुखीची गोळी लागली हाये." गाडी आली, तो चढला.